रंग आला, कृष्णधवलला सोबत घेऊन

१५ ऑगस्ट १९८२ रोजी लाल किल्ल्यावरचा स्वातंत्र्यदिनाचा सोहळा दूरदर्शनने रंगीत दाखवला. तोवर भारतीय टीव्हीच्या पडद्यावर तिरंगा म्हणजे करड्याच्या छटा होत्या : केशरी पट्टा फिकट करडा, मधला पांढरा, हिरवा गडद करडा. त्याच दिवशी दिल्लीहून ‘राष्ट्रीय कार्यक्रम’ही सुरू झाला. उपग्रहामार्फत दिल्लीचं प्रक्षेपण इतर केंद्रांपर्यंत पोहोचू लागलं आणि दूरदूरच्या शहरांत एकाच वेळी एकच चित्र दिसू लागलं. रंग आणि देशभराचं जाळं ही जोडगोळी अशी एकत्रच आली.

हुबळी-धारवाडला मात्र या दोन्हींसाठी थांबावं लागलं. धारवाडजवळच्या गरग गावात राष्ट्रध्वजाची खादी विणली जाते, आणि हुबळीच्या बेंगेरी भागात आज राष्ट्रध्वज शिवले जातात. तिरंग्याचे रंग हातांनी घडवणाऱ्या या परिसरापर्यंत बेंगळुरूच्या मनोऱ्यावरून निघालेल्या टीव्हीच्या लहरी पोहोचतच नव्हत्या. रंगीत टीव्हीची गोष्ट दिल्ली-मुंबईतून सांगितली की ती श्रीमंत घरांतल्या नव्या संचांची गोष्ट होते. हुबळी-धारवाडकडून पाहिली की वेगळं काही दिसतं. रंगाच्या निमित्ताने जे जाळं उभं राहिलं ते छोट्या शहरांना मिळालं, आणि रंग पाठवण्याची पद्धतच अशी होती की ज्याच्या घरी जुना कृष्णधवल संच होता त्यालाही ते चित्र मिळालं.

दोन मनोऱ्यांच्या मधलं शहर

भारतात टीव्ही १५ सप्टेंबर १९५९ रोजी दिल्लीत आला. मुंबईला तो २ ऑक्टोबर १९७२ रोजी मिळाला, आणि पुढच्याच वर्षी सिंहगडावरच्या प्रक्षेपकामुळे मुंबईचे कार्यक्रम पुण्यात दिसू लागले. बेंगळुरू केंद्र १ नोव्हेंबर १९८१ रोजी सुरू झालं. नकाशा पाहिला तर हुबळी या दोन्ही टोकांच्या जवळपास मधोमध येते. सिंहगड आणि बेंगळुरू, दोन्ही सरळ रेषेत साडेतीनशे किलोमीटरहून लांब.

रेडिओच्या मध्यम लहरी जमिनीच्या वळणाबरोबर दूरवर जातात, रात्री वातावरणाच्या वरच्या थरावर आदळून आणखी लांब उतरतात. टीव्हीच्या लहरी तशा नसतात. त्या जवळजवळ नजरेच्या रेषेत धावतात आणि क्षितिजापाशी जमिनीची साथ सोडतात. मनोरा जितका उंच तितकं त्याचं क्षितिज लांब, पण ते उंचीच्या वर्गमुळाच्या प्रमाणात वाढतं. शंभर मीटर उंचीवरून साधारण ४० किलोमीटर मिळतात. सिंहगडाचा माथा पायथ्याच्या प्रदेशाहून सुमारे ७६० मीटर उंच आहे, तरी त्याचं क्षितिज शे-सव्वाशे किलोमीटरवर संपतं. छपरावरचा अँटेना कितीही उंच केला आणि त्याला बूस्टर जोडला तरी साडेतीनशे किलोमीटरचं अंतर रोजच्या रोज भरून निघत नाही.

त्यामुळे हुबळी-धारवाड हे दीर्घकाळ कानाचं शहर राहिलं. आकाशवाणीचं धारवाड केंद्र १९५० च्या जानेवारीत सुरू झालं. पंडित मल्लिकार्जुन मन्सूर या केंद्राचे संगीत सल्लागार होते. गंगूबाई हनगल हुबळीत राहत, बसवराज राजगुरू धारवाडात. शेजारच्या कुंदगोळचे सवाई गंधर्व मराठी रंगभूमीवर गाजलेले. घरात मराठी, अंगणाबाहेर कानडी आणि दोन्हींत सारखंच मुरलेलं गाणं, अशा या गावाला सूर ओळखायला शिकवावं लागत नव्हतं.

टीव्ही अगदीच अनोळखी होता असंही नाही. १ ऑगस्ट १९७५ ते ३१ जुलै १९७६ या वर्षभरात ‘साइट’ हा प्रयोग झाला. अमेरिकेच्या एटीएस-६ या उपग्रहावरून सहा राज्यांतल्या सुमारे २,४०० खेड्यांत शेती, आरोग्य आणि शिक्षणाचे कार्यक्रम थेट उतरवले गेले. कर्नाटकात त्यासाठी विजापूर, गुलबर्गा, रायचूर हा उत्तरेचा भाग निवडला होता. गावातल्या सार्वजनिक संचावर, तारेच्या जाळीची मोठी छत्री लावून, लोक कानडी कार्यक्रम पाहत. ते चित्र कृष्णधवल होतं आणि वर्षाने उपग्रह परत गेला. पण ज्या खेड्याला रस्ताही धड नाही तिथे आकाशातून चित्र उतरवता येतं, हे उत्तर कर्नाटकाने तेव्हाच पाहिलं होतं.

काळ्या-पांढऱ्यात काय हरवतं

रंग म्हणजे शोभा, असा त्या काळी एक समज होता. तो तपासून पाहण्यासारखा आहे.

आपला डोळा सगळ्या रंगांना सारखं तेज देत नाही. हिरवा त्याला सर्वांत उजळ वाटतो, लाल त्याहून कमी, निळा सर्वांत मंद. म्हणून टीव्हीच्या अभियंत्यांनी चित्राची उजळता काढताना लालचे ३० टक्के, हिरव्याचे ५९ टक्के आणि निळ्याचे ११ टक्के धरले. या हिशेबात पूर्ण तेजाचा लाल आणि निम्म्या तेजाचा हिरवा यांची बेरीज जवळजवळ सारखीच येते. म्हणजे हिरव्या अंगाचं, लाल पदराचं इरकली लुगडं कृष्णधवल पडद्यावर आलं, तर अंग कुठे संपलं आणि पदर कुठे सुरू झाला हे कधी कधी कळणारही नाही. दोन्ही एकाच करड्यात विरघळतात.

लुगड्याचं सोडा, शेतीचं पाहा. धारवाड हा कापसाचा मुलूख. ‘वरलक्ष्मी’ हे संकरित कापसाचं प्रसिद्ध वाण १९७२ मध्ये धारवाडच्याच संशोधन केंद्रातून आलं. कापसावर लाल्या पडला की पान आधी कडेने आणि मग सगळंच लालसर होतं. शेतकऱ्याने ते वेळेवर ओळखावं असं वाटत असेल तर त्याला तो लाल दाखवायला हवा. कृष्णधवल पडद्यावर निरोगी पान आणि लाल्याचं पान यांत करड्या रंगाचा थोडासा फरक उरतो, आणि ओळख नेमकी तिथेच हरवते. हळद आणि हिंग, पिकलेली आणि कच्ची मिरची, सुजलेली जखम आणि भरत आलेली जखम, या सगळ्यांत रंग हीच माहिती असते. शेती आणि आरोग्याचं शिक्षण देणाऱ्या टीव्हीला रंगाची गरज मनोरंजनापेक्षा कमी नव्हती.

रंगाची भूक तर लोकांनी स्वतःच दाखवली होती. वर निळा, मध्ये नारिंगी, खाली हिरवा असा प्लास्टिकचा पडदा बाजारात मिळे आणि तो कृष्णधवल संचाच्या काचेवर बसवला जाई. आकाश निळं, जमीन हिरवी एवढंच त्यात जमे. जवळून दाखवलेल्या चेहऱ्याचं कपाळ निळं आणि हनुवटी हिरवी दिसे. तरी लोक तो आनंदाने लावत.

रंगाचा षड्ज

खरा रंग घरात यायचा तर अडचण मोठी होती. रंगीत कॅमेरा चित्राची लाल, हिरवा, निळा अशी तीन चित्रं करतो. तिन्ही स्वतंत्र पाठवायची तर तिप्पट जागा हवी, आणि आधीच घरोघरी असलेल्या कृष्णधवल संचांना त्यातलं काहीच कळणार नाही. अमेरिकेत १९५० च्या दशकाच्या सुरुवातीला अभियंत्यांनी ही कोंडी फोडली. १९५३ मध्ये मंजूर झालेल्या एनटीएससी पद्धतीचं सूत्र असं : आधी वर सांगितलेल्या हिशेबाने नुसती उजळता पाठवायची, अगदी पूर्वीसारखी. कृष्णधवल संच तेवढीच उचलेल आणि त्याचं चित्र पूर्ण दिसेल. मग ‘लाल उणे उजळता’ आणि ‘निळा उणे उजळता’ असे दोनच फरक वेगळे पाठवायचे. हिरवा पाठवायची गरज नाही, तो उरलेल्या हिशेबातून रंगीत संच स्वतः काढतो.

हे दोन फरक बसवायचे कुठे? डोळ्याला रेघांचा बारकावा उजळतेत लागतो, रंगात तो ढोबळपणा चालवून घेतो. त्यामुळे रंगाची माहिती थोडक्या जागेत भागते. शिवाय उजळतेच्या संदेशातली ऊर्जा सलग पसरलेली नसते, तिच्यात ठराविक अंतराने रिकाम्या फटी असतात. त्या फटींत रंगाची एक उपलहर नेमकी बसवली गेली. भारताने पुढे घेतलेल्या पद्धतीत तिची वारंवारता सुमारे ४.४३ मेगाहर्ट्‌झ आहे. या लहरीचा जोर किती यावरून रंग गडद की फिका ते ठरतं. ती किती पुढे-मागे सरकली आहे, म्हणजे तिची कला काय, यावरून रंग कोणता ते ठरतं.

पण पुढे किंवा मागे कशाच्या? इथे धारवाडच्या माणसाला समजायला सर्वांत सोपी गोष्ट येते. तानपुऱ्याचा षड्ज नसेल तर कुठलाही सूर गंधार आहे की मध्यम हे सांगता येत नाही. रंगाचंही तसंच आहे. म्हणून चित्राची प्रत्येक रेषा सुरू होण्याआधी, पडद्यावर न दिसणाऱ्या क्षणात, त्या उपलहरीची दहा-एक आवर्तनं शुद्ध स्वरूपात पाठवली जातात. संच त्यावरून आपला षड्ज लावून घेतो आणि पुढच्या रेषेतला रंग त्याच्याशी ताडतो. सेकंदाला पंधरा हजारांहून अधिक रेषा, आणि जवळजवळ प्रत्येकीआधी हा षड्ज पुन्हा दिला जातो.

एनटीएससीत एक उणीव राहिली. वाटेत डोंगरावरून परावर्तन झालं किंवा लांबच्या जोडणीत लहर किंचित सरकली की रंगच बदलायचा, आणि चेहरे हिरवट किंवा जांभळट दिसायचे. जर्मनीच्या टेलेफुंकेन कंपनीतल्या वाल्टर ब्रुख यांनी १९६० च्या दशकाच्या आरंभी त्यावर उपाय काढला. दोन फरकांपैकी एकाची दिशा त्यांनी दर रेषेला उलटी केली. वाटेत झालेली चूक मग एका रेषेत रंगाला एकीकडे ढकलते, तर पुढच्या रेषेत तेवढंच दुसरीकडे. संचात काचेचा एक छोटा ठोकळा असतो. एका रेषेचा रंग ध्वनिलहरीच्या रूपात त्यातून जातो आणि ६४ मायक्रोसेकंद उशिरा बाहेर पडतो, म्हणजे पुढच्या रेषेबरोबर. दोन्हींची सरासरी घेतली की चुका एकमेकींना खोडतात. रंग किंचित फिका होतो, पण चुकत नाही. ही पाल पद्धत. पश्चिम जर्मनीत ती ऑगस्ट १९६७ मध्ये सुरू झाली. भारताची कृष्णधवल पद्धत आधीपासूनच ६२५ रेषांची होती, त्यामुळे तिच्यावर पाल सहज बसली.

रंग हवा की नको

ज्या षड्जावर रंग उभा राहतो तो काढून घेतला तर? रंगीत संच समजतो की कार्यक्रम कृष्णधवल आहे आणि रंगाचं काम बंद ठेवतो. इस्रायलने १९७० च्या दशकात नेमकं हेच केलं. परदेशातून आलेले कार्यक्रम रंगीत असत, पण महागड्या संचांसाठी झुंबड उडू नये, परकीय चलन जाऊ नये आणि घराघरांत विषमता दिसू नये म्हणून सरकारच्या धोरणानुसार तो संदेश पुसून कार्यक्रम दाखवले जात. लोकांनी मग हरवलेला षड्ज पुन्हा तयार करणारी उपकरणं विकत घेतली आणि दर थोड्या वेळाने त्यांची कळ फिरवत रंग मिळवला. न्यूझीलंडने उलट वाट धरली. १९७४ च्या ख्राइस्टचर्च राष्ट्रकुल क्रीडा स्पर्धेच्या तोंडावर, १९७३ च्या अखेरीस त्यांनी रंग आणला. दक्षिण आफ्रिकेत १९७६ मध्ये टीव्ही आला तोच रंगीत.

भारतातही हा वाद झाला. गावात पिण्याचं पाणी नाही आणि दिल्लीला रंगीत चित्रं हवीत, ही टीका साधी आणि धारदार होती. रंगाच्या बाजूने ठामपणे उभे राहिले ते नागपूरचे वसंत साठे, इंदिरा गांधींच्या मंत्रिमंडळातले माहिती व नभोवाणी मंत्री. त्यांचं म्हणणं व्यवहाराचं होतं. जगभर कृष्णधवल यंत्रसामग्री मागे पडत चालली आहे, आज तीच घेत राहिलो तर उद्या सुटे भागही मिळणार नाहीत, मग मेलेल्या तंत्रावर पैसा का घालायचा? नोव्हेंबर १९८२ मध्ये दिल्लीत एशियाड होणार होतं. जगाला रंगीत प्रक्षेपण देणं यजमानाला भागच होतं. या मुदतीने निर्णय पक्का केला.

परदेशी संच आणि सुटे भाग आणायला सरकारने मुभा दिली. आणलेले भाग जोडून संच बनवणाऱ्या देशी कंपन्या झपाट्याने वाढल्या. दशकाच्या उत्तरार्धात औरंगाबादजवळच्या चितेगावला व्हिडिओकॉनचा कारखाना उभा राहिला आणि मराठवाड्यातून देशभर रंगीत संच जाऊ लागले. किंमत मात्र सुरुवातीला आठ-दहा हजारांच्या घरात किंवा त्याहून वर होती, मध्यमवर्गीय नोकरदाराच्या कित्येक महिन्यांच्या पगाराएवढी. प्रक्षेपण रंगीत झालं तरी बहुतेक घरांत संच कृष्णधवलच राहिला, आणि रंगीत कार्यक्रम त्यावर बिनतक्रार दिसत राहिला. विरोधकांना भीती होती की रंगामुळे गरीब बाजूला पडेल. पडद्यापुरतं तरी तसं झालं नाही, कारण १९५३ च्या त्या सूत्राने जुन्या संचाची सोय आधीच पाहून ठेवली होती.

हासनवरून आकाशाकडे

जाळ्याचा पहिला प्रयत्न फसला. एप्रिल १९८२ मध्ये सोडलेला इन्सॅट-१ए उपग्रह सप्टेंबरात, एशियाडच्या आधीच निकामी झाला. त्याच्या जागी ३० ऑगस्ट १९८३ रोजी अमेरिकेच्या चॅलेंजर यानातून इन्सॅट-१बी गेला. त्याचा सौर पंख उघडताना अडला, तेव्हा पृथ्वीवरून आज्ञा देऊन तो उघडावा लागला. ऑक्टोबरपासून उपग्रह कामाला लागला. त्याचं नियंत्रण कर्नाटकातल्याच हासनच्या केंद्रातून होत असे.

हा उपग्रह विषुववृत्ताच्या वर, ७४ अंश पूर्व रेखांशावर, सुमारे ३६ हजार किलोमीटर उंचीवर स्थिर होता. हुबळी ७५ अंशांच्या जरा पुढे आहे. म्हणजे हुबळीहून तो जवळजवळ थेट दक्षिणेला, क्षितिजापासून सुमारे ७२ अंश वर होता. सिंहगड आणि बेंगळुरू या दोन्हींच्या क्षितिजांपलीकडे राहिलेलं हे गाव उपग्रहाच्या अगदी सरळ नजरेत आलं. दिल्लीचं चित्र छत्रीने खाली उतरवायचं आणि शंभर वॉटच्या छोट्या प्रक्षेपकाने शहरापुरतं पुन्हा सोडायचं, एवढंच आता करायचं होतं. असे लघुशक्ती प्रक्षेपक १९८४ मध्ये काही महिने सरासरी दिवसाला एक या वेगाने देशभर बसले. मोठ्या वस्तीच्या शहरांना त्यात अग्रक्रम होता, आणि १९८१ च्या जनगणनेत हुबळी-धारवाडची लोकसंख्या पाच लाखांच्या वर होती.

काय मिळालं, काय राहिलं

चित्र आलं, पण ते दिल्लीहून आलं. ७ जुलै १९८४ रोजी ‘हम लोग’ सुरू झाली, १९८७ च्या जानेवारीत ‘रामायण’, १९८८ च्या ऑक्टोबरात ‘महाभारत’. सगळं हिंदी. हुबळीच्या मराठी घराला मुंबई केंद्राचं ‘गजरा’ किंवा ‘आमची माती आमची माणसं’ मिळत नव्हतं, आणि कानडी शेजाऱ्यालाही आपल्या भाषेतले कार्यक्रम पुरेसे मिळायला बराच काळ जावा लागला. डिसेंबर १९८२ मध्ये नेमलेल्या पी. सी. जोशी समितीने हेच दुखणं नेमकेपणाने मांडलं. यंत्रांवर खर्च झाला, कार्यक्रमांचा विचार मागे राहिला, आणि दिल्ली म्हणजे सगळा भारत नव्हे, असा तिच्या अहवालाचा रोख होता. दूरदर्शनला भारतीय व्यक्तिमत्त्व हवं, असं तिने सांगितलं. मराठी आणि कानडी उपग्रह वाहिन्या नव्वदच्या दशकात आल्या, तेव्हा कुठे या जोडशहराला दोन्ही घरच्या भाषा पडद्यावर मिळाल्या.

तरी याच प्रदेशाने त्या राष्ट्रीय पडद्याला पुष्कळ दिलं. होन्नावरचे शंकर नाग मुंबईच्या मराठी रंगभूमीवर वावरलेले. त्यांनी ‘मालगुडी डेज’ ही मालिका आगुंबेत चित्रित केली आणि मलेनाडूच्या पावसाचा हिरवा, कौलांचा लाल देशाने पाहिला. तीत स्वामीच्या वडिलांची भूमिका करणारे गिरीश कर्नाड धारवाडच्या कर्नाटक कॉलेजात शिकलेले. १५ ऑगस्ट १९८८ रोजी दूरदर्शनने दाखवलेल्या ‘मिले सुर मेरा तुम्हारा’ची सुरुवात भीमसेन जोशींच्या स्वराने होते. त्यांचा जन्म गदगच्या परिसरातला, आणि गदग तेव्हा धारवाड जिल्ह्यातच होतं. त्या गाण्यात कानडीही आहे आणि मराठीही.

या सगळ्या प्रवासात मला सर्वांत मोलाचं वाटतं ते रंग पाठवण्यामागचं शहाणपण. नवं आणताना त्या अभियंत्यांनी आधी विचारलं की ज्याच्याकडे जुनं आहे त्याचं काय. उत्तर काढायला किचकट गणित करावं लागलं, पण ते त्यांनी केलं, आणि म्हणून हुबळीतल्या कारकुनाच्या कृष्णधवल संचावर आणि मुंबईतल्या व्यापाऱ्याच्या रंगीत संचावर एकच कार्यक्रम एकाच वेळी दिसला. पुढे डिजिटल प्रक्षेपण आलं तेव्हा ही काळजी घेतली गेली नाही. सेट-टॉप बॉक्स घेतल्याशिवाय जुना संच मुका झाला. शाळा, बँक, रेशन, दवाखाना आज सगळंच नव्या यंत्रांवर चाललं आहे. अशा प्रत्येक बदलाच्या वेळी दोन प्रश्न विचारायला हवेत. हे आपल्या गावापर्यंत, आपल्या भाषेत पोहोचतंय का? आणि नवं घेणं ज्याला आज परवडत नाही, त्याचं काम त्याच्या जुन्यावर चालणार आहे का? दुसऱ्या प्रश्नाचं उत्तर ‘हो’ असू शकतं, हे रंगीत टीव्हीने दाखवून दिलं आहे. पहिल्याचं उत्तर मात्र यंत्र आपोआप देत नाही. त्यासाठी त्या गावाला आणि त्या भाषेला निर्णयात जागा द्यावी लागते.